पिंजाऱ्याच्या दुकानाचा ताबा

जामसिंग वळवी नंदुरबारच्या दिवाणी कोर्टात बेलीफ होते आणि मी तिथेच कारकून. निकाल लागला की जिंकणारा पेढे वाटतो. पण घराचा, दुकानाचा ताबा खरोखर मिळवून द्यायला कुणालातरी समोरच्याच्या दारात जाऊन उभं राहावं लागतं. ते काम जामसिंगभाऊंचं. बाजारात ते दिसले की लोक नजर चुकवायचे.

त्यांची एक रीत होती. ज्याचं घर रिकामं करायचं, त्याच्याही उंबऱ्याबाहेर ते चपला काढायचे. मजुरांना बजावायचे, "चुलीला आणि देवाला हात लावू नका. ते घरचेच उचलतील." मी एकदा म्हटलं, "भाऊ, अशानं दिवस जाईल." तर म्हणाले, "जाऊ दे. त्यांचं घर जातंय."

त्यांच्या नोकरीच्या शेवटच्या वर्षातली गोष्ट. इंदरचंदशेठच्या जागेत नजीरमियाँचं दुकान होतं. कापूस पिंजायचा, गाद्या भरायच्या. दुकानाच्या पाठीला शेठचं राहतं घर. दोघं तरुण होते तेव्हा सगळा व्यवहार तोंडी झालेला. पुढे शेठना जागा मुलासाठी हवी झाली, नजीरमियाँ हलेनात, आणि दावा उभा राहिला. खालचं कोर्ट, वरचं कोर्ट करता करता दोघंही गेले. शेवटचा निकाल शेठच्या बाजूने लागला तेव्हा एकीकडे त्यांची बायको मोहनबाई उरली होती आणि दुसरीकडे नजीरमियाँची अकिलाबी.

ताब्याच्या दिवशी मीही भाऊंबरोबर गेलो. अकिलाबी दारातच बसल्या होत्या.

"तू येशीच, माले मालूम व्हतं भाऊ," त्या म्हणाल्या. "मशीन मन्हा शहजाद लई जाई. तू फक्त कापूसले कोनाना पाय लागू देऊ नको."

भाऊंनी चपला काढल्या. त्यांच्या मुलाने, शहजादने, पिंजायचं मशीन टेम्पोत चढवलं. कापसाच्या गोण्या एकेक करून निघाल्या. बाहेर रस्त्यावर मोहनबाई नातवाबरोबर, रिषभबरोबर, ताबा घ्यायला उभ्या होत्या. डोक्यावरचा पदर पुढे ओढलेला. दोघी बायकांनी एकमेकींकडे पाहिलंसुद्धा नाही.

शेवटची गोणी हलली आणि मागची भिंत उघडी पडली. तिच्यात विटांनी बुजवलेलं एक दार दिसलं. रस्त्यावरून मोहनबाईंनी ते पाहिलं, आणि कुणी काही बोलायच्या आत त्या सरळ आत आल्या. दारावरून हात फिरवत राहिल्या.

दोघी एकाच वर्षी लग्न होऊन या गल्लीत आलेल्या. या दारातून ईदचा शीरखुर्मा तिकडे जायचा, दाल-बाटी इकडे यायची. मोहनबाईंचं तान्हं पोर कापसाच्या ढिगावर झोपायचं.

"हाई दार कोनी बुजाडं वं अकिला?" मोहनबाईंनी विचारलं.

"दोन्हीसनी," अकिलाबी म्हणाल्या. "इटा तुन्हा मालकन्या, गारा मन्हा मालकना."

मोहनबाईंना हसू फुटलं. अकिलाबीही हसल्या आणि हसता हसता ओढणीने डोळे पुसू लागल्या. मग दोघी त्या भिंतीला टेकून खालीच बसल्या. कोण कधी गेलं, कुणाचे गुडघे दुखतात, कुणाच्या सुनेला काय झालं.

रिषभ घाईला आला. "दादी, सही करनी है."

"थांब बेटा," भाऊ म्हणाले, "मला पंचनामा लिहायला वेळ लागतो." त्यांनी पेनाचं टोपणसुद्धा काढलेलं नव्हतं.

कोर्टाचा हुकूम काही बदलला नाही. अखेर पंचनामा झाला, सह्या झाल्या, रिषभने स्वतःचं कुलूप लावलं. आज तिथे त्याचं मोबाइलचं दुकान आहे. अकिलाबी लेकाकडे राहतात. दिवाळीच्या आधी त्यांच्या दारात रिक्षा थांबते, तिच्यात पिंजायच्या गाद्या असतात आणि गाद्यांना धरून बसलेल्या मोहनबाई.

जामसिंगभाऊ आता चिंचपाड्याजवळच्या आपल्या गावी असतात. गेल्या हिवाळ्यात भेटायला गेलो, तर अंगणात खाटेवर बसून जुन्या गल्ल्या आठवत होते. कुठल्या घरी बाळंतीण होती म्हणून परत फिरलो, कुठल्या वाड्यातल्या कुत्र्याने मालक निघाला तरी ओटा सोडला नाही.

"इतकी घरं हिंडलो," ते म्हणाले, "पण बेलीफाला चहा कोण विचारणार? त्या दिवशी मात्र मोहनबाईनं दूध दिलं, अकिलाबीनं स्टोव्ह पेटवला. सामान टेम्पोत चढलं होतं, तरी स्टोव्ह खाली उतरवायला लावला."

आणि त्या चहात आलं किती होतं, ते सांगत बसले.