स्पॅनिश सिनेमा, लसणाचा चिवडा आणि सई

अर्विंगला लेकीकडं उतरले तेव्हा आधी दिसलं ते आकाश. टेक्सासचं आकाश ते, एवढं थोरलं, आणि त्याच्याखाली पायी चालणारं माणूस म्हणून एक नाही. सगळी मोटारीत.

माझा जीव मात्र नातीत अडकलेला. सई, नववीतली. मी मराठीत विचारायचं, तिनं इंग्रजीत उत्तर द्यायचं, आणि मग दोघींनी मान हलवायची. मुक्काम संपत आला तरी धड गप्पा म्हणून नाहीत. मिरजेला जाऊन शेजारणींना काय सांगणार, नातीची मान छान हलते?

निघायच्या आदल्या आठवड्यात सईच्या स्पॅनिशच्या बाईंनी फर्मान काढलं, स्पॅनिश सिनेमा बघा आणि एक्स्ट्रा क्रेडिट (वरचे मार्क) मिळवा. लेकीला मीटिंग, जावयाला मीटिंग. रिकामी मीच. जावयानं आम्हाला डॅलसमधल्या थिएटरच्या दारात सोडलं आणि तो गेला.

सिनेमा कुठल्याशा थोर, जुन्या कादंबरीवरचा. थोर असणारच, कारण बराच वेळ कुणी बोललंच नाही. एक म्हातारी जमीनदारीण, तिचा एकुलता मुलगा आणि एक शेळी. मुलगा घोड्यावर चढतो, विचार करतो, उतरतो, पुन्हा विचार करतो. तेवढ्यात आपल्याकडं लग्न लागून पंगती उठल्या असत्या. खालच्या इंग्रजी ओळी मी वाचेपर्यंत पळून जायच्या. त्यातल्या त्यात काम शेळीनं बरं केलं होतं.

आमच्याकडं सिनेमा बघायचा तो बोलत. सवयीनं सईला विचारलं, "ही बया पोराला का छळतेय गं?" आणि पर्समधला लसणाचा चिवडा काढला. थिएटरात आम्ही दोघी आणि पुढच्या रांगेत एक टोपीवाले आजोबा. त्या शांततेत चिवडा असा वाजला की आजोबा वळले. सई लाजेनं खुर्चीत खाली घसरली. मी हसून डबा पुढं केला. आजोबांनी मूठभर घेतला, ठसका लागला, पाणी प्यायले आणि पुन्हा हात पुढं केला. मग सईला इंग्रजीत विचारलं, आजी काय म्हणाल्या? तिनं सांगितलं तसे खुदकन हसले. म्हणाले, मग सांग की त्यांना.

झालं. सई माझ्या कानाशी लागून मराठीत सुरू झाली. अडखळत, इंग्रजीची ठिगळं लावत, पण थांबली म्हणून नाही. शेवटी मुलगा जहाजावर चढतो आणि म्हातारी धक्क्यावर ताठ उभी राहते. सई कुजबुजली, "ती म्हणते, जा. पण तिला पाहिजे, तो नको जा."

"असं म्हणाली ती?"

"नाही. जा, एवढंच लिहिलंय. दुसरं मी सांगतेय."

मी चिवड्याचं झाकण लावलं. डोळ्यांना लसूण लागला म्हणायची सोय होती, तेवढं बरं.

पुढच्या आठवड्यात विमानतळावर लेक रडली, जावई बॅगांचं वजन पुन्हा पुन्हा बघत राहिला. सई गळ्यात पडली आणि म्हणाली, "जा, आजी." एवढंच. पुढची ओळ सांगायला कानाशी कुणी लागलं नाही.

मिरजेत आल्यापासून शेजारणी विचारतात, अमेरिकेत काय पाहिलं? मी त्यांना तो सिनेमा सांगते, शेळीसकट. पोटभर हसतात. शेवट जवळ आला की मात्र मी चहा टाकायला उठते.