सावडीतली चिनीण

ज्या गावात आजवर एकही चिनी माणूस आलेला नाही, त्या गावाला चिनी माणूस कसा असतो हे इतक्या खात्रीने कसे ठाऊक असते? या एका प्रश्नाचे उत्तर शोधावे म्हणून मी हे लिहीत आहे. शहापूर तालुक्यात, शेणव्याच्या पलीकडच्या एका गावात मी प्राथमिक शिक्षिका होते, तिथेच निवृत्त झाले आणि तिथेच राहते. मला ठाऊक आहे ते एवढ्याच टापूतले.

इतिहास शिकवताना चीनमधून भारतात आलेल्या बौद्ध यात्रेकरूंचा उल्लेख येई. डोंगर आणि वाळवंट ओलांडून माणसे ज्ञानासाठी इथवर आली, असे मी सांगे. एकदा एका मुलीने विचारले, "बाई, तेंला आपल्यात जेवाला कुनी दिला?" पुस्तकात याचे उत्तर नव्हते. कुणीतरी दिले असावे, असे मी म्हणाले. त्या काळी चीन म्हणजे रेशमाचा देश. पुढे त्याचे नाव आमच्या घराघरांत आले ते लोणच्याच्या बरणीबरोबर. चिनीमातीची बरणी फडताळात सर्वांत वर असे आणि तिला थोरल्या बाईखेरीज कुणी हात लावत नसे. मग सीमेवर युद्ध झाले. माझे सासरे तेव्हा तरुण होते. एक चिनी पडला की त्याच्या जागी दहा उभे राहतात आणि सगळ्यांची तोंडे एकसारखी असतात, हे त्यांनी रेडिओभोवती जमलेल्या माणसांकडून ऐकले आणि मरेपर्यंत डोळ्यांनी पाहिल्यासारखे सांगितले. नंतर शहापूरच्या बाजारात चायना माल आला आणि जे लवकर बिघडते ते चायना, हे सर्वांना पाठ झाले. स्टँडजवळ संध्याकाळी चायनीजच्या गाड्या लागू लागल्या. कढईशी उभा असलेला माणूस आमच्याच तालुक्यातला असे. शेवटी मोबाइल आले आणि त्यांवर साप, बेडूक, वटवाघळे खाणाऱ्या माणसांचे व्हिडिओ आले. ते कुठले आणि कुणी काढले, हे कुणी विचारले नाही.

असे चित्र तयार होते. त्याला फक्त चेहरा नव्हता. तो एका लग्नाने मिळाला.

आमच्या आळीतला एक तरुण महामार्गावरच्या एका हॉटेलची गाडी चालवी. तिथल्या स्वयंपाकघरात काम करणारी मुलगी त्याने लग्न करून घरी आणली. ती आसामच्याही पलीकडच्या डोंगरांतली, म्हणजे भारतातलीच. ती उंबरा ओलांडत होती तेव्हाच कुणीतरी "चिनीण" म्हणाले, आणि तेच नाव राहिले. सासूसुद्धा "ए चिनीण" अशीच हाक मारी. एका पावसाळ्यात तिने बांबूचे कोवळे कोंब चिरून मडक्यात आंबवायला ठेवले, तर सासूने मडके उकिरड्यावर नेऊन ओतले. त्याच कोंबांना आम्ही वास्ते म्हणतो आणि त्यांची भाजी घरोघर करतो. मी सासूला तसे म्हणाले.

"आपला येगला बाई, तिचा येगला," ती म्हणाली.

आता आवणीविषयी सांगायला हवे. आवणी म्हणजे भाताची लावणी. आमच्याकडे ती सावडीने होते. सावडीत मजुरी नसते. माझ्या शेतात तू राबलीस, तर तुझ्या शेतात मी राबायचे, एवढाच करार असतो आणि तो न लिहिता पाळला जातो. आमचेही घर त्या सावडीत होते. बायका ओळीने वाकून रोपे लावत मागे सरकत, आणि त्या ओळीत ती असली की करमणुकीला दुसरे काही लागत नसे.

"काय गो चिनीण, बेडूक दिसला का नाय? धर, दुपारच्याला व्हईल तुला."

"दुपारपातूर थांबंल का गो ती? हितंच कच्चा खाईल!"

सगळी ओळ हसे. तीही हसे. सुरुवातीला बहुधा तिला वाटे की आपल्याला सामील करून घेतले जात आहे. नंतर ती हसे, कारण न हसल्यास "चिनीण फुगली" असे नवे काही सुरू होई. बोलणाऱ्या बायकांच्या ओच्यात त्याच बांधावर पकडलेले खेकडे असत.

टाळेबंदीच्या वर्षी गावाने वेशीवर काटेरी फांद्या टाकून रस्ता बंद केला. महामार्गावरचे हॉटेलही बंद पडले. नवऱ्याचे काम गेले, आणि त्या घराला वर्षभर खायला जे मिळणार होते ते फक्त शेतातून. त्यांची पेरणी उशिरा झाली होती, म्हणून सावडीत त्यांची पाळी सर्वांत शेवटी. आषाढात ती सावडीतल्या प्रत्येक घराच्या शेतात राबली, आमच्याही.

तिच्या घराची पाळी उद्यावर आली आणि रोज मुंबईला नोकरीवर जाणाऱ्या एका गावकऱ्याला ताप भरला. त्याला दवाखान्यात नेले. संध्याकाळी माणसे गावदेवीच्या मंडपात बसली.

"आजार कुठला? चीनचा," एकजण म्हणाला. "मंग गावात चीनचा कोन हाय?"

तिचा नवरा उभा राहिला. "ती चीनची नाय रे! आनि लगीन झाल्यापासून गावाच्या भायेर तरी कुठं गेली? रोज मुंबईला कोन जातो, त्याला इचारा ना."

"तो ड्युटीला जातो. सरकारी मानूस हाय तो."

"तुझ्या बायकोचा गाव चीनच्या शेजारीच ना? मंग झाला तर!"

मी घरातला जुना नकाशा आणून पसरला, सीमेवरून बोट फिरवले आणि तिचे गाव सीमेच्या कोणत्या बाजूला आहे ते दाखवले. सर्वांनी वाकून शांतपणे पाहिले. सावडीच्या पाळ्या ठरवणारी पुढारीण मान डोलावत म्हणाली, "तुमचा बरोबर हाय बाई. पन तोंड बघा ना तिचा."

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने आणि सासूने रोपे उपटून जुड्या बांधून ठेवल्या. कुणी आले नाही. उपटलेले रोप पाण्यात पडून राहिले की सडते, आणि राबात, म्हणजे रोपे वाढवायच्या वाफ्यात, उभे ठेवले तर जून होते. दोन्ही मार्गांनी वर्ष हातचे जाते. मी माझ्या सुनेला चल म्हणाले. ती म्हणाली, "पोरं हायेत माझी घरात, आत्या. तुमी जा, पन आल्यावर आदी न्हानीत जा." मी गेले. माझ्या वयाच्या कमरेने एक लहानसे खाचर लावून झाले, तोवर दिवस संपला होता.

परतताना पुढारीण बांधावर उभी दिसली. ती दूर राहूनच सासूशी बोलत होती. "तिला बांधावर आनू नको. घरात बी नको. रानाकडंला तुमची खोप हाय ना, तितं ठेव. मंग येतो आमी."

सासू लगेच हो म्हणाली. नवऱ्यानेच तिला राखणीच्या खोपीत नेऊन सोडले.

मग दुसऱ्या सकाळी सावड आली. हसतखेळत, गाणी म्हणत, दिवस मावळायच्या आत शेत हिरवे झाले. "बघ, ती नवती तं कसा पटाक्यानं झाला," पुढारीण सासूला म्हणाली, आणि सासूने तिला भात वाढला.

खोपीपासून अंतरावर एक दगड होता. त्यावर ताट ठेवून मागे फिरायचे, असे ठरले होते. मी ताट तिच्या हातात दिले. तिने विचारले, "बाई, त्यांच्या शेतात मी लावलेलं उपटलं का त्यांनी?"

"नाही," मी म्हणाले.

ती खाली बसली आणि जेवू लागली.

आजारी माणूस बरा होऊन आला. वेशीवर त्याला ओवाळले. तिला खोपीतून परत आणावे, असे मात्र कुणाच्या तोंडून निघाले नाही. भात कापणीला येण्याआधीच नवरा तिला घेऊन भिवंडीकडे निघून गेला. भात चांगले झाले. सासूने ते खाल्ले. सावडीतल्या घरांनीही आपापले खाल्ले.

पुढच्या आवणीला सासू पाळी ठरवायला गेली, तेव्हा पुढारीण म्हणाली, "तुझ्या घरातनं आता हात कोन देनार? राबनारी सून घालवलीस, आमी कशाला येऊ?"

यावरून मला मिळालेले उत्तर असे. ते चित्र चीनहून आलेले नाही. ते ऐकीव गोष्टींतून आमच्याच ओट्यांवर तयार झाले, आणि सर्वांत जवळ जो चेहरा सापडला त्यावर बसवले गेले. परंतु हे एका गावावरून काढलेले अनुमान आहे. आपल्या गावात, आपल्या घरात विचारा: चिनी माणूस प्रत्यक्ष कुणी पाहिला आहे, आणि तुम्ही कुणाला चिनी म्हणता? उत्तर माझ्याहून निराळे आले, तर माझे चूक समजा. पण कृपा करून स्वतः विचारून पाहा.