लाभक्षेत्राबाहेरचा सामना

मुलगा अमेरिकेत गेला तेव्हापासून त्याचं-माझं बोलणं बायकोच्या मार्फत चालायचं. फोन तिच्या कानाला आणि मी शेजारी पेपर उघडून बसलेला. ‘थंडी आहे का विचार’, ‘ऑफिसात ठीक चाललंय का विचार’ असं मी पेपरमागून सोडायचो आणि ती त्यातलं निम्मं गाळून पुढे पाठवायची. तिकडचं उत्तर माझ्यापर्यंत ‘बरं आहे म्हणतोय’ एवढंच पोचायचं. आम्हा दोघांना ते पुरत होतं. ती गेली, फोन माझ्या कानाला आला, आणि पोटच्या पोराशी काय बोलायचं ते मला ठाऊक नाही हे साठीनंतर उमगलं.

तिच्या दिवसांसाठी तो आला होता. तेरावा झाला, पाहुणे पांगले, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी मी देवपूजा करून बाहेर येतो तर हा टीव्हीसमोर. पडद्यावर टोप्या घातलेली, पायजम्यातली आडदांड माणसं दांडू घेऊन उभी. आवाज बारीक ठेवला होता, तेवढी लाज होती म्हणायची. माझं टाळकं सरकलं.

“आईला जाऊन किती दिवस झाले रे? आणि तू खेळ बघत बसतोस?”

त्यानं वळून पाहिलं. डोळे लाल होते. “बाबा, हा आमच्या गावचा संघ आहे,” तो म्हणाला. “तिथं मला हा दिसत नाही.”

मला वाटलं, थाप मारतोय. पण खरं होतं. बेसबॉलचे सगळे सामने नेटवरून दाखवणारी एक सेवा त्यानं वर्षाचे पैसे भरून घेतलेली. तिच्यात सगळ्या देशाचे सामने दिसत, फक्त तो राहतो त्या भागातल्या संघाचे थेट दिसत नसत. त्या भागापुरते हक्क तिथल्या एका केबल चॅनेलनं घेऊन ठेवलेले, म्हणून त्या भागातल्या माणसानं नेटवर पाहायचं नाही असा नियम. आणि ते चॅनेल याच्या इमारतीतल्या केबलवाल्याकडे येत नव्हतं, त्या दोघांचं बिनसलेलं. याच्या खिडकीतून स्टेडियमचे दिवे दिसतात, मात्र सामना लावला की पडदा काळा आणि वर एक ओळ, आपल्या भागात उपलब्ध नाही. तेच खातं इथं औरंगाबादला, बीड बायपासच्या आमच्या फ्लॅटमध्ये उघडलं की घडाघडा चालू.

दुसरा कुणी बाप असता तर म्हणाला असता, काय हा वेडेपणा. मला मात्र लगेच समजलं, कारण उभी नोकरी मी पाटबंधारे खात्यात असल्याच वेडेपणाची कागदपत्रं सांभाळण्यात घालवली. आमच्याकडे त्याला लाभक्षेत्र म्हणतात. धरणाचं पाणी कालव्यानं खाली जातं आणि खालची गावं लाभक्षेत्रात येतात. भिंतीला खेटून असलेलं गाव वरच्या अंगाला राहिलं तर त्याच्या नशिबी नुसतं बघणं. अशाच एका गावचे म्हातारे पाटील दर उन्हाळ्यात माझ्या टेबलासमोर येऊन बसायचे. “भिंत आमच्या वसरीतून दिसती साहेब,” म्हणायचे, “पाणी तेवढं दिसत नाय.” धरण उशाला आणि कोरड घशाला ही म्हण कुणीतरी आमच्या कचेरीत बसूनच रचली असणार.

निवृत्तीनंतर मी स्वतःच लाभक्षेत्राबाहेर राहायला आलो, हा आणखी विनोद. शहर तेव्हा सुटलं होतं. तिकडे शेंद्र्याला कारखाने उभे राहत होते, इकडे काल जिथं ज्वारी होती तिथं आज सहा मजले. आमच्या बिल्डरनं पाणी सोडून सगळं दिलं. महापालिकेची पाइपलाइन रस्त्याच्या पलीकडे येऊन थांबली ती थांबलीच, आणि आम्ही टँकरवर जगायला शिकलो.

तर मुलगा परत गेला. रविवारी फोन यायचा. जेवलास का? हो. तुम्ही? हो. पाणी आलं का? टँकर आला. मग दोघंही आपापल्या टोकाला गप्प. ते गप्प राहणं मला ऐकवायचं नाही, म्हणून ‘चल, ठेवतो, बिल वाढेल’ असं मी म्हणायचो. फोन फुकटचा होता हे दोघांनाही माहीत होतं.

एका सकाळी वार नसताना फोन आला. त्याच्याकडे संध्याकाळ झालेली. “बाबा, टीव्हीवर माझं खातं चालू आहे का बघा ना अजून,” तो म्हणाला. चालू होतं. सामना सुरू होता. “काय चाललंय तेवढं सांगा.”

मला त्या खेळातलं ओ की ठो कळत नव्हतं. पण लहानपणी रेडिओवर क्रिकेटचं धावतं वर्णन कान लावून ऐकलेलं, ते उपयोगी पडलं. दिसेल ते सांगत सुटलो. “एक दाढीवाला मधल्या उंचवट्यावर उभा आहे. थुंकला. परत थुंकला. आता पाय वर घेतोय... फेकला. दांडूवाल्यानं वारा घातला नुसता. मागचा पंच तहसीलदारासारखा हात करतोय.” पलीकडून हसू आलं. त्याची आई गेल्यानंतर ते मी पहिल्यांदा ऐकलं, आणि मला इतकं बरं वाटलं, की मी आणखी चेव येऊन सांगायला लागलो.

तेव्हापासून सामना असला की आमची बैठक ठरलेली. नियम हळूहळू कळले. फेकणाऱ्यानं सलग वाईट चेंडू टाकले तर समोरचा काही न करता आरामात पहिल्या कोपऱ्यावर चालत जातो. त्याला मी जावई म्हणायचो. “आला बघ जावई, आता मानपान करा.” मुलगा तिकडे कांदा चिरता चिरता ऐकायचा. मधेच खालून टँकरचा भोंगा वाजायचा. “थांब रे,” म्हणून मी बादल्या घेऊन उतरायचो, कारण प्यायचं पाणी बादल्यांत भरायचं असायचं आणि आमच्या टाकीचा पाइप धरायलाही माणूस लागायचा. टँकरवाला घाई करायचा. “काका, चला की लवकर, पुढं लई सोसायट्या हायेत.” धापा टाकत वर यावं तर फोन चालूच. “तीन धावा झाल्या वाटतं तेवढ्यात,” मी ओशाळून सांगायचो. “होऊ द्या,” तो म्हणायचा.

हा खेळ म्हणजे बारा आणे थांबणं आणि चार आणे खेळणं. त्या थांबण्यात आमचं बोलणं शिरलं. साहेब कसा आहे, पिठल्यात गुठळ्या का होतात, संध्याकाळी घरी आल्यावर दिवा लावावासा का वाटत नाही. एकदा फेकणारा बदलत होते, तेव्हा तो म्हणाला, “आईचा आवाज आहे माझ्या फोनमध्ये. निरोप ठेवलेला, दिवाळीच्या फराळाचा. अजून ऐकला नाही मी परत.” यावर बापानं काय बोलायचं असतं ते तिनं मला शिकवलं नव्हतं. “थांब,” मी म्हणालो, “नवा आला. डावखुरा आहे.” तो थांबला. मग बराच वेळ मी त्या डावखुऱ्याविषयीच सांगत राहिलो.

पुढचा उन्हाळा वाईट निघाला. पाऊस सलग दगा देत होता, आमची बोअर धूळ ओकायला लागली, टँकर एक दिवसाआड झाला, आणि मी बादल्या घेऊन जिन्यात घसरलो. मुकामार होता, पण शेजाऱ्यांनी फोन करून बातमी तिकडे पोचवली. त्यानं तिकीटच पाठवलं. “चार महिने इकडे राहा, बाबा. मला पण बरं वाटेल.” मी आनंदात गेलो. आता समोरासमोर बसून बोलू, असं विमानभर घोकत होतो.

तिथं नळ सोडला की पाणी. मी उगीचच सोडून बघायचो आणि लगेच बंद करायचो. मुलगा संध्याकाळी यायचा, आम्ही जेवायला बसायचो. “ऑफिस कसं होतं?” “बरं.” “तुम्ही फिरून आलात?” “आलो.” मग चमच्यांचा आवाज. मधे तिची जागा होती आणि ती दोघांनाही दिसत होती. रिकाम्या फ्लॅटमध्ये मला इतकं एकटं कधी वाटलं नव्हतं, जितकं त्या स्वच्छ स्वयंपाकघरात पोराच्या समोर बसून वाटलं.

एका संध्याकाळी खिडकीबाहेर स्टेडियमचे दिवे लागले. “सामना आहे,” मी हुरळून म्हणालो आणि सवयीनं टीव्ही लावला. पडदा काळा. आपल्या भागात उपलब्ध नाही. आता त्या भागात मीही आलो होतो, आणि औरंगाबादला सांगायला कुणी उरलं नव्हतं. माझं तोंड बघून त्यानं फोनवर काहीतरी लावलं. इंग्रजीतून खणखणीत आवाज यायला लागला, सामन्याचंच वर्णन.

“हे इथं ऐकू येतं?”

“हो. चित्राला मनाई आहे, आवाजाला नाही.”

“पहिल्यापासून?”

“पहिल्यापासून.”

“मग माझ्याकडून कशाला ऐकत होतास रे? मला तर अजून निम्मे नियम कळत नाहीत.”

तो फोनकडे बघत राहिला. “हा माणूस टँकर आला म्हणून थांबत नाही, बाबा.”

त्यानं तो आवाज बंद केला. आम्ही दोघं खिडकीशी जाऊन उभे राहिलो. दिव्यांच्या बाजूनं एकदम मोठा गलका आला.

“कुणीतरी मारला असावा,” मी म्हणालो.

“असेल,” तो म्हणाला.

काय झालं ते दोघांनाही दिसत नव्हतं. मला त्याच्या पाठीवर हात ठेवायचा होता. हात उचललाही, पण खिडकीची काच पुसल्यासारखं केलं आणि खाली घेतला.

चार महिने पुरे व्हायच्या आधीच मी निघालो. विमानतळावर तो म्हणाला, “कायमचे या ना इकडे. तिथं आहे काय आता? पाणीसुद्धा नाही.” खरं तर याच वाक्याची मी आयुष्यभर वाट पाहिली असती. पण त्या जेवणाच्या टेबलाची मला भीती बसली होती. “मग सामना कोण सांगेल?” मी म्हणालो. तो हसेल असं वाटलं होतं. त्यानं माझी बॅग पुढे सरकवली.

घरी पोचलो, धूळ झाडली. दुसऱ्या सकाळी टीव्ही लावून बसलो आणि फोनकडे बघत राहिलो. सामना सुरू होऊन गेला. दाढीवाला दोनदा थुंकला. वाटलं, आता नाही येणार, बाप स्वतः उठून निघून आला म्हटल्यावर कशाला करील. तेवढ्यात वाजला.

“बाबा, लावलात का?”

“लावला की. दाढीवालाच आहे आज. जावई पहिल्या कोपऱ्यावर उभा आहे, काही काम न करता.”

“आणि?”

मी सांगत गेलो. तो कांदा चिरत होता, सुरीचा आवाज येत होता. बोलता बोलता तो म्हणाला, “काल आईचा निरोप ऐकला मी. तुम्ही गेल्यावर घर फार गप्प झालं म्हणून.” मी काही म्हणणार, तेवढ्यात खाली भोंगा वाजला.

“टँकर,” मी म्हणालो.

“जा तुम्ही. मी आहे.”

मी फोन खिडकीच्या कट्ट्यावर ठेवला, त्याला खालचं सगळं ऐकू येईल असा, आणि बादल्या घेऊन जिना उतरलो.