कॅसेटमधली आत्ती

उचगावच्या रानात बांधावरून घसरून आईचा उजवा हात मोडला. आम्ही बेळगावात राहायला आलो त्याला बरीच वर्षं झाली, पण रान अजून आहे आणि ते कुळाच्या भरवशावर सोडायला आई तयार नसते. ती बस धरून जाते, बांधावर उभी राहते, सगळ्यांना बोलून परत येते. त्या दिवशी बोलण्याच्या भरात पाय सरकला.

प्लास्टर निघालं तेव्हा हाड जुळलं होतं, पण बोटं ताठ झाली होती. व्यायाम शिकवणाऱ्या मॅडमनी तिला एक रबरी चेंडू दिला आणि दिवसभर दाबत बसायला सांगितलं. आईने चेंडू दाबून बघितला, उलटसुलट करून बघितला आणि विचारलं, "ह्यातनं निघतंय काय?"

काहीच निघत नाही म्हटल्यावर तिने तो खिडकीत ठेवून दिला.

मग मॅडम म्हणाल्या, मोबाईलवर गेम खेळू दे, बोटं हलली म्हणजे झालं. तेही जमेना. आयुष्यभर खुरपं धरलेल्या हाताची कातडी इतकी जाड, की मोबाईलच्या काचेला आईचं बोट लागलेलं कळतच नव्हतं. ती दाबायची, काच गप्प. "तुझ्या फोनला माणूस कळत न्हाय," असं तिने मला सुनावलं.

म्हणून मी खडेबाजारात मोबाईल दुरुस्त करणाऱ्या एका दुकानातून बटणांचा जुना व्हिडिओ गेम आणला. हातात मावेल एवढा, कडेला थोडा पिवळा पडलेला. आत एक कॅसेट होती. दुकानदार म्हणाला, "शेतीचा गेम हाय. नांगरायचं, पेरायचं, जनावरं पाळायची." आईसाठी याहून चांगलं काय मिळणार!

घरी येऊन चालू केला तर शेत आधीच उभं होतं. कोणीतरी वर्षानुवर्षं खपून उभं केलेलं. कोबी ओळीत, गोठा मोठा, तळ्याकाठी कुंपण. आई चष्मा लावून माझ्या खांद्यावरून बघत होती.

"कुणाचं रान म्हनायचं हे?"

"आधी ज्यांच्याकडे गेम होता त्यांचं."

मी गोठ्यात गेलो. एक पांढरी-काळी गाय समोर आली आणि खाली तिचं नाव आलं. अक्षरं इंग्रजी, शब्द आपला. आईला इंग्रजी वाचता येत नाही, म्हणून माझ्या बायकोने मोठ्याने वाचलं, "आत्ती."

बायकोने हळूच आईकडे बघितलं. आमच्या भागात सासूला आत्ती म्हणतात.

"फुडं बघ," आई म्हणाली.

पुढे मेंढा होता. त्याचं नाव मामा, म्हणजे सासरा. एक तांबडा घोडा होता, त्याचं नाव थोरली. दोन कोंबड्या होत्या, नणंद एक आणि नणंद दोन. गोठ्यातून बाहेर आलो तर दारात कुत्रा शेपूट हलवत उभा होता. बायकोने त्याचं नाव वाचलं आणि ती भिंतीला टेकून हसायला लागली. कुत्र्याचं नाव होतं अहो.

"कुणाची तरी सून हाय ही," आई म्हणाली. तिचा आवाज गंभीर होता. "जनावरांनी खाल्लंय का बघ आदी."

गेम बंद असताना आतला वेळही थांबतो, जनावरं उपाशी राहत नाहीत, हे मी तिला समजावलं. तिला ते पटलं नाही. आत्तीला चारा घातल्याशिवाय तिने मला जेवायला उठू दिलं नाही.

पुढचे काही दिवस ती त्या शेतात काम करत राहिली, पण मन लागेना. दुसऱ्याने लावलेल्या कोबीला पाणी घालायचं, दुसऱ्याची अंडी गोळा करायची, हे तिला कसंतरीच वाटायचं. "मला माझं सोताचं रान पायजे," ती म्हणाली. "मोकळं. पयल्यापास्नं."

मी नवा खेळ सुरू करायला गेलो. पडद्यावर पाटी आली: या कॅसेटमध्ये एकच शेत ठेवता येतं, नवं सुरू केलं तर जुनं पुसलं जाईल, पुसू का? खाली हो आणि नाही. मी आईला अर्थ सांगितला.

तिने माझा हात धरला. नेमका दुखरा हात वापरून धरला. "पुसायचं म्हंजे? गाय कुटं जाणार?"

"कुठे जाणार नाही. संपणार."

"दुसऱ्याची जनावरं तू संपवणार? इचारलास का तिला?"

मी दुसऱ्या दिवशी दुकानात गेलो. दुकानदाराला यात काही नवल वाटलं नाही. गेम निपाणीच्या एका साहेबांनी आणून दिला होता, असं म्हणून त्याने फोन लावला आणि मला दिला. मी माझ्या मोबाईलवरून घरी आईलाही फोन लावला आणि दोन्ही फोन शेजारी धरून तिला ऐकवायला लागलो, कारण नाहीतर तिने माझ्यावर विश्वास ठेवला नसता. पलीकडून एक भला माणूस बोलला. दिवाळीत माळा झाडला, तेव्हा हे खेळणं सापडलं, बायकोचं होतं, ती आता खेळत नाही. "पुसून टाका की, त्यात काय विचारताय!"

"झालं, परवानगी मिळाली," मी आईला म्हटलं.

"ह्यो कोण बोलला?"

"त्या बाईंचा नवरा."

"म्हंजे कुत्रंच की," आई म्हणाली. "कुत्र्याला काय इचारतोस? मालकिणीला इचार."

हे पलीकडे ऐकू गेलं नसावं अशी मी अजूनही आशा करतो. साहेबांनी फोन बायकोकडे दिला. मी सगळं सांगितलं. अगदी हळू आवाजात त्या म्हणाल्या, "अय्या, ती कॅसेट विकली व्हय ह्यांनी? मी हरवली म्हणून गप्प बसलेते. पुसू नका. एकदा बघू दे मला. रविवारी जेवायलाच या." आणि त्याहून हळू, "पण घरी कुणाला नावं सांगू नका हं."

मी आईला बजावलं. बायकोनेही बजावलं. आई म्हणाली, "मी काय खुळी हाय व्हय?"

रविवारी आई आणि मी बसने निघालो. तवंदीचा घाट उतरून निपाणीत आलो तेव्हा आईच्या मांडीवरच्या पिशवीत तो गेम होता आणि बरोबर गोठ्यातल्यांसाठी म्हणून नव्हे, घरच्यांसाठी म्हणून घेतलेला कुंद्याच्या मिठाईचा पुडा होता. घर तंबाखूच्या गोदामाला लागून. दारात पाऊल टाकलं आणि मला शिंका सुरू झाल्या, त्या जेवण संपेपर्यंत थांबल्या नाहीत.

सूनबाई चाळिशीच्या, शाळेत शिकवणाऱ्या, बोलायला अगदी हळू. साहेब हसतमुख. आणि घराच्या मधोमध खुर्चीवर बसलेल्या त्यांच्या सासूबाई, म्हणजे खऱ्या आत्ती. धिप्पाड, कपाळावर ठसठशीत गोंदण, आवाज असा की रस्त्यावरचा माणूस थांबून वर बघेल. सासरे वारले होते. भिंतीवर त्यांचा फोटो होता, त्याला ताजा हार.

"या की, या! गेम परत द्यायला बेळगावास्नं आलासा? असली माणसं ऱ्हायली न्हाईत आता!" आत्तींनी स्वागत केलं.

जेवण छान चाललं होतं. भाकरी, वांग्याची भाजी, वर दही. दही खरंच घट्ट होतं. आईने घास घेतला, मान डोलावली आणि आत्तींना म्हणाली, "आक्का, तुमची गाय बी अशीच. लई दूध देती बगा."

सूनबाईंच्या हातातली वाटी तशीच राहिली. मी शिंकलो.

"आमच्याकडं कुठली गाय?" आत्ती म्हणाल्या. "दही डेअरीचं हाय."

"न्हाय, त्या गेमातली," आई म्हणाली, आणि आपण काय बोललो ते कळून तिने तोंडात मोठा घास कोंबला. पण उशीर झाला होता. आत्तींनी हात धुतले आणि गेम मागितला. त्यांना इंग्रजी अक्षरं वाचता यायची, हे आम्हाला कोणी सांगितलं नव्हतं. चष्मा नाकावर ओढून त्यांनी एकेक अक्षर मोठ्याने लावलं आणि शब्द जुळवला.

"आत्ती." त्यांनी सुनेकडे बघितलं. "म्हंजे मी?"

साहेब ताटातल्या मिठाकडे बघत होते.

"दूध किती देते मी?"

"रोज," सूनबाई कशाबशा म्हणाल्या. "मोठा कॅन. सगळ्यांत चांगलं दूध तुमचंच, आत्ती."

"मग बरोबर हाय." त्या पुढे गेल्या. "आणि हे घोडं? थोरली? आमची थोरली जाऊ? शेजारची?" आता मात्र त्यांचा चेहरा बदलला. "तिला घोडं केलीस आणि मला गाय? घोडं म्हाग असतंय गं!"

"पण काम काही करत नाही आत्ती, नुसतं खातंय आणि पळतंय," सूनबाई घाईने म्हणाल्या.

आत्तींनी क्षणभर विचार केला आणि गदगदा हसायला लागल्या. इतक्या हसल्या की खुर्ची कुरकुरली. मग आम्हालाही हसायची परवानगी मिळाली. साहेब सगळ्यांत मोठ्याने हसत होते, कारण त्यांना कुत्र्याचं अजून कळलं नव्हतं.

जेवणानंतर सूनबाई गेम घेऊन परसदारी पायरीवर बसल्या. दोन्ही म्हाताऱ्या त्यांच्या दोन बाजूंना. मी मागे उभा होतो. सूनबाईंची बोटं बटणांवर अशी फिरत होती की जणू गेम कालच हातातून खाली ठेवला होता. त्यांनी गाईला ब्रश केला, मग एक बटण दाबून तिच्याशी बोलल्या. गाईच्या डोक्यावर बदाम उमटला.

"लग्न होऊन आले तेव्हा दिवसभर घरात बोलायला कोणी नव्हतं," त्या म्हणाल्या. "मामा गोदामात, हे फिरतीवर. आत्ती बोलायच्या, पण मोठ्यानं बोलायच्या. मला वाटायचं रागावल्यात. मग मी हिच्याशी बोलायचे. ही काही म्हणायची न्हाय."

"मी मोठ्यानं बोलते?" आत्ती गरजल्या. शेजारच्या पेरूवरचे कावळे उडाले.

तेवढ्यात सूनबाईंनी शिट्टीचं बटण दाबलं आणि सवयीने, लाडाने म्हणाल्या, "अहो, या इकडं." पडद्यावर कुत्रा धावत आला. आणि स्वयंपाकघरातून खांद्यावर टॉवेल टाकून साहेब धावत आले. "काय गं?" माझ्या आईने पदर तोंडात धरला. आत्तींनी पडद्याकडे बघितलं, मुलाकडे बघितलं आणि म्हणाल्या, "काय न्हाय. जा, आत बस." साहेब गेले. कुत्राही बसला.

मग मेंढा आला. मामा. अंगावर लोकर इतकी वाढली होती की पाय दिसत नव्हते. आत्तींचं हसणं थांबलं. त्या पडद्यावर वाकल्या.

"हे अजून हाइत व्हय हितं," त्या म्हणाल्या. पहिल्यांदाच हळू. "केस वाढल्यात लई. न्हाव्याकडं जायाचा आळसच त्यांना. काप गं."

सूनबाईंनी कात्री घेतली आणि लोकर कापली. मेंढा एकदम लहान, गुलाबी आणि बावळट दिसायला लागला. आत्तींना रडूही येत होतं आणि हसूही. "अगदी तसंच," त्या म्हणाल्या. "टक्कल केल्यावर अगदी तसंच दिसायचे."

आता ते शेत पुसायचं कसं, हा माझ्या आईला प्रश्न पडला. ती म्हणाली, "ऱ्हाऊ दे आक्का, गेम तुमीच ठेवा. मी चेंडू दाबते." मलाही तेच बरं वाटलं.

पण आत्तींनी मान हलवली. "मी जित्ती हाय, मला गोठ्यात कशाला ठेवताय? आणि हे तर हितनं सुटलेत. त्यांना परत परत कातरायचं कुणी?" त्यांनी मोबाईल काढला, पडद्यावरच्या मेंढ्याचा फोटो काढला, तो हलला म्हणून पुन्हा काढला. मग घोड्याचाही काढला आणि तिथेच बसून तो शेजारच्या जावेला पाठवला. खाली काय लिहिलं ते त्यांनी आम्हाला दाखवलं नाही.

पुसण्याचं बटण सूनबाईंनीच दाबलं. नाहीवरून होवर यायला त्यांना जरा वेळ लागला. पडदा एकदा पांढरा झाला आणि त्यावर रिकामं, दगडगोट्यांनी भरलेलं रान आलं. मग आत्तींनी सुनेच्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाल्या, "चल, चहा टाक. मी बोलते तुझ्याशी. हळू बोलते." चहा होईपर्यंत त्या खरंच हळू बोलत होत्या, सूनबाईंना दोनदा "काय म्हणालात?" म्हणून विचारावं लागलं.

परतीच्या बसमध्ये आई संकेश्वरपर्यंत गेममधल्या रानातले दगड वेचत होती. घरी आल्यावर तिने मोठ्या हौसेने मुळा पेरला आणि तो सगळा वाळवून टाकला. आभाळ भरून आलेलं दिसलं की पाऊस येणार म्हणून ती पाणी घालायची नाही, आणि त्या गेममध्ये आभाळ नुसतं येऊन जातं. तिने निपाणीला फोन करून रीतसर तक्रार केली. सूनबाईंनी सांगितलं की गेममधल्या घरात टीव्ही असतो, त्यावर उद्याचं हवामान सांगतात, ते बघून पाणी घालायचं.

आईने तो टीव्ही शोधून काढला. आता सकाळी चहा घेताना ती आधी त्यातलं हवामान बघते आणि मग उचगावला फोन लावून कुळाला विचारते, तिकडं काय म्हणतंय आभाळ.