पक्कड सर आणि भुकेला बोर्ड

दिवा दिसला की पक्कड सर तो फोडत. दिवा म्हणजे बोर्डावरची ती इवलीशी लाल एलईडी, बोर्ड चालू आहे एवढंच सांगायला पोरं हौसेने लावतात ती. महिनाभर खपून एखादा पोरगा मायक्रोकंट्रोलरचा, म्हणजे यंत्र चालवणाऱ्या चिपचा, छोटा बोर्ड बनवायचा, छाती फुगवून टेबलावर ठेवायचा, आणि सर खिशातली पक्कड काढून आधी ती एलईडी कचकन चिरडायचे. "हा दिवा कोणासाठी रे? सासू येणार आहे ओवाळायला?" पोराच्या डोळ्यांत टचकन पाणी. मग मल्टिमीटरचा काटा दाखवायचे. "बघ. तुझी चिप झोपलेली असताना जेवढं खात नाही, त्याच्या कितीतरी पट हा नुसता मिरवायला खात होता." खरं नाव त्यांना होतं, पण ते पगारपत्रकापुरतं. अख्ख्या कॉलेजात ते पक्कड सरच.

नव्वदीच्या सुरुवातीची गोष्ट. जळगावातल्या एका खाजगी पॉलिटेक्निकमध्ये मी नवी लेक्चरर म्हणून लागले. इलेक्ट्रॉनिक्सच्या लॅबमध्ये बाई अशी मी एकटीच. पहिल्याच आठवड्यात मी माझा स्वतः जोडलेला बोर्ड सरांना दाखवला. त्यांनी माझं बोट धरलं आणि व्होल्टेज कमी करणाऱ्या रेग्युलेटरवर टेकवलं. असा चटका बसला की मी किंचाळले. "भाजलं ना? ही सगळी बॅटरी आहे, मॅडम. निम्म्याहून जास्त तुम्ही नुसती हवा तापवायला जाळताय." एवढं बोलून बोर्ड खिडकीतून बाहेर! माझं डोकं फिरलं. सोल्डरिंगचं लोखंडी स्टँड हाताशी होतं, ते उचललं आणि भिरकावलं. ते त्यांच्या खांद्यावर लागलं. सर खांदा चोळत हसायला लागले. "जान आहे तुमच्यात. बोर्डात मात्र नाही." त्या दिवसापासून आमचं जमलं ते जमलंच.

मारकुटा माणूस होता, खोटं कशाला सांगू! पोरांना पाठीत धपाटे घालायचा, वह्या फेकायचा, प्रिन्सिपॉलच्या केबिनचं दार लाथेने उघडायचा. आज असा मास्तर एक दिवस टिकणार नाही, आणि टिकूही नये. पण धपाटा खाल्लेलं पोरगं संध्याकाळी त्यांच्याच खोलीवर शेवभाजी चापताना दिसायचं. सडाफटिंग माणूस, लग्न केलं नव्हतं. कारण विचारलं तर म्हणायचे, "आमच्या घराण्यात आधी हात चालतो, मग तोंड. डोकं चाललंच तर सगळ्यात शेवटी. अशा घरात कोणाची लेक कशाला आणायची?"

त्यांचं एक म्हणणं पोरांना तोंडपाठ होतं. भुकेलं जनावर चावतं, भुकेला बोर्ड खोटं बोलतो. परीक्षेत हमखास विचारायचे, "बॅटरी संपत आली की बोर्ड काय करतो?" पोरं म्हणायची, बंद पडतो. "बंद पडला तर उपकार झाले, गाढवा!" आणि धपाटा. मग समजावून सांगायचे. बॅटरी बसत आली की चिपला भोवळ येते. त्यातून सावध होताना तिच्या सगळ्या तारा क्षणभर चालू होतात, आणि तारेला जे जोडलं असेल, मोटार म्हणा, घंटा म्हणा, ते आपोआप सुरू होतं. त्यावर सरांचा इलाज एकच, भूकच लागू द्यायची नाही. म्हणजे खाणंच इतकं कमी करायचं की बॅटरी पुरून उरली पाहिजे.

एवढ्याशा मिलीअँपियरसाठी, चिमूटभर करंटसाठी, हा माणूस एवढा का पेटतो, ते मला बऱ्याच उशिरा कळलं. एकदा सोल्डरिंग करता करता, बाजारभाव सांगावा तसं त्यांनी सांगितलं. चोपड्याकडे, तापीच्या काठी, त्यांचा धाकटा भाऊ भास्कर केळी करायचा. शेजारचं शेत चुलतभावाचं, आत्मारामचं. बांधावरून दोघांचं जुनं वैर. आदल्या वर्षी घडावर आलेली भास्करची बाग कोणीतरी कापून टाकली. सर बघायला गेले तेव्हा खोडं कमरेएवढी उभी होती, वरची सगळी केळ आडवी, आणि कापलेल्या खोडांतून पाणी गळत होतं. कोणी कापली ते कोणी पाहिलं नव्हतं. भास्करला मात्र पुराव्याची गरज नव्हती. तो ओट्यावर कुऱ्हाडीला धार लावत बसला होता. म्हणाला, "भाऊ, आते परत बाग कापी ना, ते मी त्याले कापी टाकसू."

"आणि तो टाकेल, मॅडम," सर म्हणाले. "मी ओळखतो ना आमचं रक्त. लहानपणी आत्मारामचे दोन दात मीच पाडलेत. बाग गेली तर परत लावता येते. भाऊ फासावर गेला तर काय लावू?"

म्हणून ते सोल्डर करत होते तो बोर्ड. मोटार रिवाइंडिंगच्या दुकानातून आणलेली केसाएवढी तांब्याची तार बागेभोवती फिरवायची, तिची टोकं बोर्डाला जोडायची. कोणी आत घुसला की तार तुटणार, झोपलेली चिप जागी होणार आणि सायरन बोंबलणार. शेतातल्या विजेचा काही भरवसा नव्हता, म्हणून सगळं स्कूटरच्या बॅटरीवर, आणि ती पावसाळाभर पुरली पाहिजे. सरांनी मुंबईहून कमी खाणारी नव्या जातीची चिप मागवली. रेग्युलेटर बदलला, चिपच्या आतल्या घड्याळाचा वेग उतरवला, नको तो प्रत्येक भाग उपटून काढला. कुठे गळती दिसली की भिंतीवर मूठ आपटायचे, बोटं सोलवटून निघायची. एके दुपारी मल्टिमीटरचा काटा जागचा हलेचना. मला वाटलं मीटर बिघडला. मीटर ठीक होता, बोर्डच जवळपास काही खात नव्हता. आनंदाच्या भरात सरांनी लोखंडी कपाटाला अशी लाथ घातली की त्याचं दार शेवटपर्यंत नीट लागलं नाही.

बोर्ड बागेतल्या पंपाच्या खोलीत बसला. सरांनी गावात फिरून सगळ्यांना बजावलं, सायरन ऐकला की ज्याच्या हाताला जे काम असेल ते टाकून धावायचं. सगळा पावसाळा गेला. बागेच्या पानालाही कोणी हात लावला नाही. सर दर काही दिवसांनी जाऊन बॅटरी मोजून यायचे आणि सोमवारी लॅबमध्ये कोणालाही न मारता शिकवायचे. पोरं घाबरायची, सरांना बरं नाही की काय!

दसरा झाला. पुढच्या रविवारी वहिनींनी, म्हणजे भास्करच्या बायकोने, मला जेवायला बोलावलं. सर फटफटीवर गेले, मी एसटीने. सहकाऱ्याच्या मागे बाई बसलेली दिसली तर तेव्हा जळगावात बॅटरीशिवाय सायरन वाजायचे. दुपारची जेवणं झाली होती. शेतातल्या घराच्या ओट्यावर वहिनी सुपारी कातरत होत्या, सर मल्टिमीटर घेऊन पंपाच्या खोलीकडे निघणार, एवढ्यात सायरन झाला.

पण तो लॅबमध्ये ऐकला होता तसा कर्कश नव्हता, घसा बसल्यासारखा घोगरा होता. मध्येच तुटायचा, परत कण्हायचा. सरांचा चेहरा पांढराफटक पडला. "चोर नाही," ते म्हणाले. "बॅटरी मेलीय." आणि धावत सुटले. पण भास्कर त्यांच्या आधी कुऱ्हाड घेऊन बागेला वळसा घालत चोर शोधायला निघाला होता, आणि गावाकडच्या वाटेनेही माणसं काठ्या घेऊन येत होती.

तारेच्या कडेला आत्माराम उभा होता. हातात कोयता. आपल्या शेतात केळीची वाळली पानं काढत होता. सायरन ऐकला, सगळ्यात जवळ तोच, म्हणून सगळ्यात आधी तोच पोचला. गावाला सांगितलं होतं तसं हातचं काम टाकून धावला, फक्त कोयता टाकायचा राहिला. तो काहीतरी सांगायला गेला, पण पहिली काठी त्याच्या तोंडावरच बसली. मग कोणी मोजतं का? काठ्या, लाथा, दगड. कालपर्यंत त्याच्याबरोबर चहा पिणारी माणसं होती ती. तो खाली पडला, डोळ्यातून रक्त यायला लागलं, तरी मारतच होते. मी बोंबलत होते, पण माझं कोण ऐकतंय! आणि गर्दी फाडून भास्कर आला, त्याने कुऱ्हाड वर उचलली.

सर मध्ये घुसले. खाली येणाऱ्या कुऱ्हाडीखाली त्यांनी उजवा हात घातला. हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला, आजही ऐकू येतो. डाव्या हातात पक्कड होती, ती त्यांनी सख्ख्या भावाच्या तोंडावर हाणली. भास्कर कोलमडला. मग सर आत्मारामच्या अंगावर पालथे पडले आणि पुढच्या काठ्या त्यांच्या पाठीवर बसल्या. "बठ्ठा मांगे सरका!" ते ओरडत होते. "तार तुटेल नही शे रे! तार पहा, तार!" सायरनच्या घरघरीत कोणाला काही कळत नव्हतं.

मग बॅटरी पुरती संपली. सायरन आपोआप थांबला, आणि त्या शांततेत सरांचा आवाज पहिल्यांदा सगळ्यांना ऐकू आला. एका म्हाताऱ्याने काठी टाकली आणि तारेवर हात फिरवत बागेला चक्कर मारायला निघाला. बाकीचे उभे राहून बघत होते. तो फेरी पुरी करून आला. "तुटेल नही शे," म्हणाला. तार कुठेच तुटली नव्हती.

पंपाच्या खोलीत जाऊन मी डबा उघडला. बोर्डावर बंद डब्यात न सुकलेला हळदकुंकवाचा ओला लेप होता, त्यात चिकटलेले तांदूळ, झेंडूच्या पाकळ्या. दसऱ्याला घरात विळ्याकोयत्यांची, मोटारीची, नांगराची पूजा झाली होती. वहिनींनी डब्याचे स्क्रू काढून आतल्या चिपलाही पाण्यात कालवून हळदकुंकू लावलं होतं. त्या ओलाव्यातून दिवसरात्र करंट झिरपत राहिला आणि पावसाळाभर पुरून उरलेली बॅटरी आठवडाभरात रिकामी झाली. वहिनी दारात उभ्या होत्या. "दसराले बठ्ठास्नी पूजा करी," त्या म्हणाल्या, "मंग यानी काबर नही? आमनी बाग यानीच राखी ना!" बाग राखणाऱ्याची पूजा का चुकवायची, एवढंच त्यांना कळत होतं. मला रडूच आलं.

आत्माराम वाचला. एक डोळा गेला. दवाखान्यात फौजदाराने विचारलं तर म्हणाला, घसरून पडलो. गावातलं गावात ठेवायची रीत होती, सगळे तेच सांगत होते. शेजारच्या खाटेवर हाताला प्लास्टर घातलेले सर होते. ते उठून बसले. "लिहा," म्हणाले. "कुऱ्हाड माझ्या भावाची. सायरन माझा. काठ्या कोणाकोणाच्या, तेही सांगतो." आणि एकेकाचं नाव घेतलं.

भास्करला शिक्षा झाली. वहिनींनी सरांच्या नावाने अंघोळ केली. गावाने त्यांना वाळीत टाकलं. सरांनी नोकरी सोडली आणि धुळ्याला जाऊन रेडिओ-टीव्ही दुरुस्तीचं दुकान टाकलं. वाकड्या हाताने जमेल तेवढं करायचे. मी कधीमधी जायचे. ओरडणं, फेकाफेक सगळं संपलं होतं. मला तो गरीब झालेला माणूस बघवायचा नाही. दर वेळी एकच विचारायचे, "मॅडम, तिकडचं काही कळतं का हो? भास्कर सुटला असेल. परत भिडले तर नसतील ना दोघं?" मला तरी कुठून कळणार? नाही कळलं, असं मी सांगायचे. एकदा म्हणाले, "भावाला तुरुंगात घातलं, पण खुनी होऊ दिलं नाही. एवढं बरोबर केलं ना मी?" केलंत सर, म्हटलं. त्यांचा विश्वास बसला नाही.

दशक संपता संपता सर गेले. हृदय बंद पडलं. मी पोचले तेव्हा दुकानामागच्या खोलीत त्यांना खाली घेतलं होतं, गल्लीतले चार लोक जमले होते. गावाकडे निरोप धाडला होता, पण कोणी येईल असं कोणालाच वाटत नव्हतं. तिरडी बांधून झाली आणि गल्लीत ट्रॅक्टर येऊन थांबला. चालवत होता एका डोळ्याचा आत्माराम. शेजारी मडगार्डवर, त्याच्या खांद्याला धरून, भास्कर बसला होता.

माझ्या डोक्यात काहीच शिरेना. आत्मारामनेच सांगितलं. भास्कर सुटून आला त्याच वर्षी दोघांनी बांध मोडला. आता शेत एकत्र करतात, पाणी एक, ट्रॅक्टर एक.

"किती वर्षं झाली?" मी विचारलं.

"व्हई ग्यात चार," भास्कर म्हणाला.

"आणि सरांना?"

तो खाली बघायला लागला. "तोंड दाखाडानी हिंमत नही झाई, मॅडम. आज जाऊत, उद्या जाऊत, असं करता करता..."

चार वर्षं! इकडे सर दर खेपेला माझ्या तोंडाकडे बघत बसायचे. शिव्या सरांकडूनच शिकले होते, त्या सगळ्या तोंडात आल्या, पण एकही बाहेर पडली नाही. मी भास्करच्या एक सणसणीत मुस्काटात लगावली. सगळी गल्ली बघत होती. मला कोणी अडवलं नाही.

भास्करने गालाला हातसुद्धा लावला नाही. पायातल्या वहाणा काढल्या, वाकला आणि डाव्या बाजूने भावाला खांदा दिला. उजव्या बाजूला आत्माराम होता.