काजूसाठी माती

मानकोलीमागच्या आमच्या तुकड्यात काजू लावायचे होते, म्हणून माती बघायला गणेशपुरीकडचा एक म्हातारा आला. नाव विचारायचं राहूनच गेलं. प्रत्येक खड्ड्यातली चिमूटभर माती तो जिभेवर ठेवायचा, डोळे मिटायचा आणि खुशीत मान हलवायचा. विहिरीजवळच्या खड्ड्यात मात्र कुदळीला निळसर चिखल लागला, कापड रंगवण्याच्या कारखान्यामागच्या नाल्यात असतो तसा. त्याने चिमूट नाकाशी नेली आणि हात घाईघाईने गवताला पुसला.

"ही मी तोंडात न्हाय घालनार, ताई. हितं गांडूळपण न्हाय."

विहिरीचं पाणी भरलेला तांब्या मी पुढे केला, तर तो दोन पावलं मागे सरला. घरात सगळे तेच पितो, हे सांगायचा मला धीर झाला नाही.