कुकडीकाठची राख

आमच्या गावी कुकडी नदीच्या काठावर पांढुरक्या राखेचा एक थर आहे. लहानपणी आम्ही ती खरवडून आणायचो आणि आई पितळेची भांडी तिनं लख्ख घासायची. पुढे इंजिनिअरिंगला माती शिकताना कळलं, की ही म्हणे हजारो वर्षांपूर्वी सुमात्राकडे फुटलेल्या महाज्वालामुखीची राख. तिचं वय किती, यावर तज्ज्ञ अजून भांडतात. भांडोत बापडे. ज्या संकटातून माणूस जेमतेम वाचला असं काही जण मानतात, त्याच्या राखेनं आम्ही तांबे घासले!

आता न्यूझीलंडमध्ये, हॅमिल्टनला, माझं काम मातीच्या चाचण्यांचं, आणि इथली जमीनही राखेचीच. त्यामुळे मुलीनं शाळेतल्या भाषणासाठी ‘प्राचीन संकटं आणि माणूस’ हा विषय घेतला, तेव्हा माझ्या अंगातच आलं. जेवताना, गाडीत, रोज तेच. ती कानांत इअरफोन घालून “येस मम, आय नो” करायची. आमचं गाव तिच्यासाठी सुट्टीतले डास यापलीकडे काही होणारच नाही, ही माझी धास्ती.

या सुट्टीत गावी गेलो, तेव्हा आईनं नातीला भाषणात दाखवायला डबीभर राख दिली. मी म्हटलं, “न्यूझीलंडमध्ये माती नेता येत नाही, आई.”

“राख आहे ती. माती म्हणे!” आई फणकारली.

ऑकलंड विमानतळावर मी मुकाट्यानं डबी तपासणीला दिली. टेबलामागच्या बाईंनी “किया ओरा” असा माओरी नमस्कार करत झाकण उघडलं आणि मान हलवली. हे आत जाणार नाही. मी वाद घालायला तोंड उघडणार, तेवढ्यात मुलगी पुढे झाली.

“कॅन आय जस्ट टेल यू व्हॉट इट इज?”

आणि तिनं सगळं सांगितलं. काळवंडलेलं आकाश, करपलेली रानं, आमच्या गावी या राखेजवळ सापडणारी दगडी हत्यारं. अशा संकटांतूनच माणसं एकमेकांना धरून राहायला, अन्न वाटून घ्यायला शिकली असतील, हेसुद्धा. “मेबी” म्हणायलाही विसरली नाही. माझी छाती अशी फुगली, की मागची खोळंबलेली रांग दिसेना. बाईंनी हातातलं काम थांबवून शेवटपर्यंत ऐकलं.

डबी मात्र गेली. बाहेर येऊन आईला फोन लावला आणि नुसतं प्रवासाचंच सांगत बसले. मुलीनं फोन माझ्या हातातून घेतला आणि अडखळत, मराठीत म्हणाली, “आजी, राख घेतली त्यांनी. पण त्या बाईंना आता आपलं गाव माहितीये.”